सहाबारीची पाचबारी

रिव्हॉल्व्हरला मराठीत जुना शब्द आहे, सहाबारी. सहा बार काढते ती सहाबारी. सहा हा आकडा त्या शस्त्राच्या नावातच जाऊन बसला. पण अमेरिकेत वायोमिंग, आयडाहो, अलास्का या भागांत हातातल्या रिव्हॉल्व्हरनं एल्क आणि मूस या थोराड हरणांची आणि अस्वलाची शिकार करणारे लोक आहेत. त्यांच्यासाठी काही मोजके कारागीर एकेक नग घडवतात, आणि त्या जगातल्या सगळ्यांत दांडग्या रिव्हॉल्व्हरमध्ये खाने, म्हणजे काडतुसं भरायची भोकं, असतात पाच. ताकद वाढली आणि गोळी एक कमी झाली.

मला शिकारीत रस नाही. आपल्याकडे तर १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानं तो विषय जवळपास मिटवलाच आहे. पण सहातून एक वजा करण्यामागचं गणित इतकं देखणं आहे, की ते शस्त्रांच्या शौकिनांपुरतं राहू नये असं वाटतं.

सुरुवात १८७३च्या कोल्ट ‘सिंगल ॲक्शन आर्मी’पासून करू. गुराख्यांच्या चित्रपटांत कमरेला लटकलेलं असतं ते हेच. सिंगल ॲक्शन म्हणजे चापाकडे एकच काम. घोडा, म्हणजे काडतुसावर ठोका मारणारा मागचा भाग, अंगठ्यानं मागे ओढायचा. तो ओढतानाच सिलिंडर, म्हणजे खाने असलेला गोल ठोकळा, एक घर फिरतं आणि नवं काडतूस नळीसमोर येतं. चाप फक्त घोडा सोडतो. पुढे रूढ झालेल्या डबल ॲक्शन रिव्हॉल्व्हरमध्ये एकाच ओढीत सगळं होतं आणि सिलिंडर दारासारखं बाजूला उघडतं. सिंगल ॲक्शनमध्ये दार नाही, बिजागरी नाही. सिलिंडर एका जाड पिनेवर, चौकटीच्या आत, दोन्ही टोकांना धरलेलं. एकेक काडतूस भरत बसायला वेळ लागतो, पण शिकाऱ्याला घाई कुठे असते? त्याला हवा असतो मजबूतपणा, आणि तो या जुनाट रचनेत जास्त आहे.

गंमत म्हणजे त्या काळीही जाणते लोक सहाबारीत पाचच काडतुसं भरत. घोड्याचं टोक थेट काडतुसावर टेकलेलं असे. रिव्हॉल्व्हर हातातून पडलं तरी बार उडायचा. म्हणून घोड्याखालचा खाना रिकामा. रुगर कंपनीनं १९७३ साली घोडा आणि काडतूस यांच्यात एक सरकती पट्टी घातली तेव्हा ती काळजी मिटली. चाप पूर्ण ओढल्याशिवाय ती पट्टी वर येत नाही, आणि ती वर आल्याशिवाय घोड्याचा ठोका पुढे पोचत नाही.

कोल्टचं मूळ काडतूस .४५ इंची, आत ४० ग्रेन काळी दारू आणि पुढे २५५ ग्रेनची शिशाची गोळी. (ग्रेन म्हणजे सुमारे ६५ मिलिग्रॅम, गोळी साडेसोळा ग्रॅमची.) या काडतुसासाठी आज ठरवलेली दाबाची मर्यादा आहे दर चौरस इंचाला १४,००० पौंड, म्हणजे वातावरणाच्या दाबाच्या साडेनऊशे पट. स्वयंपाकघरातला कुकर शिट्टी देतो तेव्हा आतला दाब जेमतेम दुप्पट असतो.

आयडाहोचा एल्मर कीथ (१८९९–१९८४) हा या छंदाचा आद्य पुरुष. डोक्यावर मोठी हॅट, तोंडात सिगार, आणि लेखणी तिखट. १९२०च्या दशकात त्यानं अशाच एका .४५ कोल्टमधून जड गोळ्यांचे जोरदार बार काढले आणि रिव्हॉल्व्हर हातात फुटलं. खान्यांचा वरचा भाग आणि चौकटीची वरची पट्टी दोन्ही उडाली. कीथ वाचला आणि विचारात पडला.

फुटलं ते वरूनच का? तेलात अख्खी मिरची सोडली की ती बहुधा लांबीत फुटते, आडवी तुटत नाही. मिरचीत धाग्यांचाही हात असतो, पण दाब भरलेली कुठलीही नळी लांबीतच फाटते. नळीच्या भिंतीवर घेराच्या दिशेनं येणारा ताण लांबीच्या दिशेच्या ताणाच्या दुप्पट असतो, म्हणून भिंत आधी उभी उसवते. हा ताण दाबाबरोबर वाढतो, पोकळीच्या रुंदीबरोबर वाढतो आणि भिंतीच्या जाडीबरोबर कमी होतो. सिलिंडरचा बाहेरचा घेर तोच ठेवून आत .४५ चे सहा खाने पाडले, की दोन्हींकडून मार: पोकळी रुंद, भिंत पातळ. कीथनं यातून काढलेला मार्ग सरळ होता. त्यानं .४५ सोडलं आणि जरा सडपातळ .४४ स्पेशल हे काडतूस धरलं. त्याच सिलिंडरमध्ये भिंती थोड्या जाड राहिल्या. पुढची तीसेक वर्षं तो कंपन्यांच्या मागे लागून राहिला, आणि १९५५च्या अखेरीस स्मिथ अँड वेसन आणि रेमिंग्टन यांनी .४४ मॅग्नम बाजारात आणलं. दाबाची मर्यादा ३६,००० पौंड.

भोक लहान करणं हा एक उपाय झाला. दुसरा उपाय खाने कमी करण्याचा, आणि त्यासाठी शाळेतली भूमिती पुरते.

कंपासनं वर्तुळावर सहा पाकळ्यांचं फूल आपण सगळ्यांनीच काढलेलं असतं. कंपास न बदलता परिघावर टोकं टेकवत गेलं की बरोबर सहा टप्प्यांत फेरी पुरी होते, कारण सहा समान बिंदूंत शेजाऱ्यांमधलं अंतर त्रिज्येइतकंच असतं. आता हिशेबापुरतं समजा, की खान्यांचे मध्य १४ मिलिमीटर त्रिज्येच्या वर्तुळावर आहेत आणि प्रत्येक खाना १२ मिलिमीटर रुंद. सहा खाने पाडले तर दोन शेजाऱ्यांमध्ये पोलाद उरतं २ मिलिमीटर. पाच पाडले तर मध्यांमधलं अंतर होतं साडेसोळा, आणि पोलाद उरतं साडेचार. एक खाना गेला आणि भिंत दुपटीहून जाड झाली.

पण मला आवडतो तो दुसरा फायदा. बार उडताना सिलिंडर जागच्या जागी रोखायला खालून एक खिट्टी वर येते आणि सिलिंडरच्या पृष्ठभागावरच्या खाचेत बसते. सहा खाने असले की वरच्या खान्याच्या अगदी समोर, तळाशी, दुसरा खाना येतो. म्हणजे खाच नेमकी खान्याच्या पाठीवर कोरावी लागते, जिथे भिंत आधीच सर्वांत पातळ. पाच खाने असले तर वरच्याच्या समोर तळाशी कुठलाच खाना येत नाही, दोन खान्यांमधलं भरीव पोलाद येतं. खाच तिथे बसते. विषम संख्येनं हे फुकटात मिळवून दिलं.

डिक कसूल या तरुणानं १९५०च्या दशकात युटामध्ये कोल्टच्या चौकटींवर प्रयोग सुरू केले, आणि पाच खान्यांचं, भारी पोलादाचं सिलिंडर हाच त्याचा पाया ठरला. त्याच्या .४५४ कसूल काडतुसाची दाबमर्यादा आहे ६५,००० पौंड, म्हणजे जवळपास ४,४०० वातावरणं. मारियाना गर्तेच्या तळाशी पाण्याचा जो दाब असतो, त्याच्या चौपट. हे काडतूस पेलणारं रिव्हॉल्व्हर वायोमिंगमधल्या फ्रीडम नावाच्या छोट्या गावातून, फ्रीडम आर्म्स या कंपनीतून १९८३ साली विक्रीला आलं.

वायोमिंगच्याच जॉन लाइनबॉनं उलटा विचार केला. दाब वाढवत नेण्यापेक्षा गोळीच रुंद आणि जड करावी. १९८०च्या दशकात त्यानं विंचेस्टर .३४८ या रायफलच्या काडतुसाचं टरफल कापून आखूड केलं आणि .५०० लाइनबॉ तयार केलं. ती टरफलं मिळेनाशी व्हायला लागली तेव्हा त्यानं .४५-७० या फौजी काडतुसाला कात्री लावली आणि त्यातून .४७५ लाइनबॉ जन्मलं. हे .४५-७० सुद्धा १८७३चंच, म्हणजे कोल्टच्या त्या सहाबारीचं समवयस्क! अर्धा इंची काडतुसासाठी खाना १४ मिलिमीटरच्या घरात जातो. आपल्या वरच्या हिशेबात सहा खाने पाडायला गेलं तर मधे पोलादच उरत नाही.

असं रिव्हॉल्व्हर घडवताना कारागीर बहुधा रुगरचं ब्लॅकहॉक किंवा बिस्ली मॉडेल घेतो आणि त्याची चौकट ठेवून बरंचसं बाकी बदलतो. चौकटीच्या खिडकीत मावेल तेवढं मोठं सिलिंडर, नवी नळी, घट्ट बसणारी पिन. रुगर घेण्याचं कारण साधं आहे. १९५०च्या दशकात बिल रुगरनं जुनीच घडण ठेवून आतल्या सहज मोडणाऱ्या, सपाट पट्टीच्या स्प्रिंगा काढल्या, तारेच्या गुंडाळी स्प्रिंगा बसवल्या आणि चौकट दणकट केली.

खरी कसोटी पुढे आहे. रिव्हॉल्व्हरमध्ये गोळी खान्यातून निघून एक फट ओलांडते आणि मग नळीत शिरते. बंदुकीत असं नसतं. तिथे खाना आणि नळी एकसंध. इथे पाचही खाने आळीपाळीनं नळीच्या अक्षावर तंतोतंत यायला हवेत. केसाएवढा फरक पडला तरी गोळी नळीच्या तोंडावर एका बाजूनं खरवडली जाते आणि नेम गेलाच. यावर उत्तम कारागिरांची युक्ती अशी, की सिलिंडर आधी चौकटीत बसवायचं, खिट्टीनं रोखायचं, आणि मग नळीच्या मार्गातूनच हत्यार घालून प्रत्येक खाना कोरायचा. खाना नळीशी जुळवण्याऐवजी तो नळीच्याच रेषेत जन्माला घालायचा. सिलिंडर आणि नळीमधली ती फट चांगल्या कामात ०.०५ ते ०.०८ मिलिमीटर ठेवतात. माणसाचा केसही साधारण एवढाच जाड.

आता धक्का. .४७५ लाइनबॉची ४२० ग्रेनची, म्हणजे २७ ग्रॅमची गोळी सेकंदाला सुमारे ४०० मीटर वेगानं निघते. वस्तुमान गुणिले वेग म्हणजे संवेग. तो येतो सुमारे ११ किलोग्रॅम-मीटर प्रतिसेकंद. मागोमाग दारूचा वायूही सुसाटत बाहेर पडतो, त्याचा धरून १२. रिव्हॉल्व्हरला तेवढाच संवेग उलट दिशेनं मिळतो. त्याचं वजन १.४ किलो धरलं तर वेग येतो सेकंदाला साडेआठ मीटर, म्हणजे ताशी ३० किलोमीटर. तो जोर पंज्यात थांबवायचा. नळी मनगटाच्या वर असल्यामुळे हा धक्का सरळ मागे न येता वर गुंडाळत येतो. कोल्टच्या जुन्या, नांगराच्या मुठीसारख्या मुठीचा फायदा असा की ती हातात सरकत फिरते आणि धक्का वाटला जातो. तोटा असा की फारच जोराच्या बाराला ती बोटांवर आदळते. बिस्ली पद्धतीची मूठ जास्त उभी आणि मागे उंच असते. इंग्लंडमधल्या बिस्लीच्या नेमबाजी मैदानाचं नाव कोल्टनं १८९४ साली या मुठीच्या मॉडेलला दिलं होतं. मुळात ती निशाणेबाजांसाठी. आज रुंद नळीची रिव्हॉल्व्हर घडवणारे कारागीर तिलाच पसंती देतात.

याच धक्क्यातून एक खोडी निघते. बस अचानक सुटली की उभे प्रवासी मागे पडतात. तसंच, रिव्हॉल्व्हर झटक्यात मागे जातं तेव्हा उरलेल्या चार काडतुसांची टरफलं त्याच्याबरोबर मागे खेचली जातात, पण त्यांतल्या जड गोळ्या जडत्वामुळे जागीच राहू पाहतात. परिणामी गोळी टरफलातून पुढे सरकते. दोन-तीन बारांत ती सिलिंडरच्या बाहेर डोकावली, की सिलिंडर चौकटीला अडकून फिरायचंच थांबतं. समोर अस्वल असताना हे होणं फार वाईट. म्हणून टरफलाची कड गोळीवरच्या खोबणीत दाबून आवळून बसवतात. चार हजार वातावरणं पेलणारं यंत्र, आणि त्याचं चालणं पितळेच्या एका दुमडीवर अवलंबून.

एवढ्या संवेगाच्या गोळीनं जनावर उडून पडत असेल, असं वाटतं. चित्रपटांत तसंच दिसतं, आणि ते खोटं आहे. ताशी १४० किलोमीटरनं येणाऱ्या क्रिकेटच्या चेंडूचा संवेग सहाच्या थोडा वर असतो. आपली गोळी त्याच्या पावणेदोन पट. यष्टिरक्षक असा चेंडू दिवसभर झेलतो, मागे उडून जात नाही. तीनशे किलोच्या एल्कला या गोळीनं मिळणारा वेग सेकंदाला साडेतीन सेंटिमीटर, मुंगीच्या चालीइतका. तसं पाहिलं तर जनावराला बसणारा ढकलण्याचा जोर नेमबाजाच्या हाताला बसतो त्यापेक्षा जास्त नसतोच. न्यूटनचा तिसरा नियम तेवढी सूट देत नाही.

मग फरक कशात आहे? ऊर्जेत. संवेग दोन्हीकडे जवळपास सारखा, पण गोळी हलकी म्हणून तिच्या वाट्याला २,१०० ज्यूल येतात आणि रिव्हॉल्व्हरच्या वाट्याला पन्नासेक. ती ऊर्जा सव्वा सेंटिमीटर रुंदीच्या वाटेत खर्च होते. रायफलची गोळी दुप्पट वेगानं जाते आणि आत उमलून रुंद होते. रिव्हॉल्व्हरच्या वेगाला ते भरवशाचं नाही, म्हणून इथे गोळी मुळातच रुंद घेतात आणि शिशात कथील आणि अँटिमनी मिसळून ती टणक करतात, उमलू देत नाहीत. तिचं नाक टोकदार नसतं, चपटं असतं. गोल नाकाच्या गोळीपुढून मांस बाजूला सरकून वाट देतं. चपटं नाक ते ढकलत, फाडत जातं आणि रेषा न सोडता खोल जातं. कीथनं १९२०च्या दशकातच अशी चपट्या नाकाची, धारदार खांद्याची गोळी आखली होती. आजच्या गोळ्या तिच्याच लेकीनाती.

हवेत मात्र हे चपटं नाक नडतं. पन्नास मीटरवर पोचेपर्यंत गोळी आठेक सेंटिमीटर खाली येते, नव्वद मीटरवर जवळपास तीस. अंतराचा अंदाज थोडा चुकला तर घाव हृदयाऐवजी पायाला, आणि जखमी जनावर रानात निघून जातं. त्यामुळे यातले जबाबदार शिकारी पन्नास मीटरच्या आत पोचल्याशिवाय घोडा ओढत नाहीत. तिथवर जायचं तर वाऱ्याची दिशा बघायची, झुडपांमागून सरकायचं, तासन्‌तास बसून राहायचं. बरेचदा एल्कला वास लागतो, ते मान वर करतं आणि निघून जातं. पाचही काडतुसं तशीच घरी येतात.