निवृत्तीच्या तोंडावर वसुली : सातारा-सांगलीतल्या खटल्यांमागचा इतिहास

तहसील कार्यालयातल्या अव्वल कारकुनाचे सेवापुस्तक निवृत्तीआधी वेतन पडताळणी पथकाकडे जाते आणि कधीकधी एखाद्या पानावर आक्षेप घेऊन परत येते : अमुक साली वेतननिश्चिती चुकली, एक वेतनवाढ जादा लागली. मग इतक्या वर्षांच्या फरकाचा तक्ता तयार होतो आणि 'अतिप्रदान' म्हणून ती रक्कम ग्रॅच्युइटीतून वळती करण्याचे पत्र निघते. ते पान आस्थापना लिपिकाने लिहिलेले असते, खाली सही कार्यालयप्रमुखाची असते. पैसे मात्र जातात कर्मचाऱ्याचे. सातारा आणि सांगलीतून जे पेन्शनर कोर्टाची पायरी चढतात, त्यांतल्या अनेकांची कहाणी अशाच एखाद्या पानापासून सुरू होते.

पेन्शनसाठी कोर्टात जाता येते, हेच मुळात फार उशिरा ठरले. साताऱ्याचे राज्य १८४८ मध्ये खालसा झाले. जुन्या राज्यकर्त्यांनी दिलेल्या नेमणुका, इनामे आणि पेन्शनी पुढे चालू ठेवायच्या की नाही, हे ठरवणे इंग्रज सरकारच्या हाती गेले. १८७१ च्या पेन्शन कायद्याने तर दिवाणी न्यायालयाचे दारच बंद केले. अशा दाव्यासाठी आधी कलेक्टरचा दाखला हवा. याच कायद्याने सावकाराला पेन्शनवर जप्ती आणता येणार नाही असे संरक्षणही दिले. पण सरकारनेच पैसे अडवले तर काय? त्यावर उत्तर नव्हते, कारण पेन्शन ही सरकारची मेहेरबानी मानली जात होती.

ही समजूत मोडायला शंभर वर्षे लागली. देवकीनंदन प्रसाद खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९७१ मध्ये पेन्शन हा हक्क असल्याचे सांगितले. त्यानंतर १७ डिसेंबर १९८२ रोजी नकारा खटल्याचा निकाल आला. पेन्शन मोजण्याचे सुधारित सूत्र ३१ मार्च १९७९ आणि त्यानंतर निवृत्त होणाऱ्यांनाच लागू होते. एका तारखेवरून पेन्शनरांचे असे दोन गट पाडता येणार नाहीत, असे सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या घटनापीठाने ठरवले. आजही १७ डिसेंबर पेन्शनर दिन म्हणून पाळला जातो, तो या निकालामुळे. २०१३ मध्ये झारखंडच्या एका प्रकरणात पेन्शन आणि ग्रॅच्युइटी ही मालमत्ताच आहे, कायद्याचा आधार नसताना ती रोखता येणार नाही, हेही स्पष्ट झाले.

वसुलीबाबतचा महत्त्वाचा निकाल रफिक मसीह प्रकरणातला, डिसेंबर २०१४ चा. वर्ग तीन आणि चारचे कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात होणारे, आणि पाच वर्षांहून अधिक काळ जादा रक्कम मिळालेले, यांपैकी कोणाकडूनही वसुली करता येणार नाही. वाटले होते, विषय मिटला. पण २०१६ मध्ये जगदेव सिंग प्रकरणात एका न्यायिक अधिकाऱ्याने वेतननिश्चितीवेळी जादा रक्कम निघाल्यास परत करीन असे हमीपत्र दिले होते म्हणून वसुली ग्राह्य ठरली, आणि हमीपत्राचा मुद्दा कार्यालयांच्या हाती आला. वेतन आयोग लागू होताना ते छापील हमीपत्र सगळ्यांकडूनच घेतले जाते. न देऊन शिपाई किंवा लिपिक जाणार कुठे? न्यायिक अधिकाऱ्याला लावलेला नियम त्यांना लावणे मला सरळसरळ अन्याय वाटतो.

दुसरे दुखणे म्हणजे एकाला मिळालेला निकाल दुसऱ्याला आपोआप लागू होत नाही. ३० जूनला निवृत्त झालेल्याने वर्षभर काम केलेले असते, पण १ जुलैची वेतनवाढ एका दिवसाने हुकते. मद्रास उच्च न्यायालयाने २०१७ मध्ये ती अय्यमपेरुमल या निवृत्त केंद्रीय अधिकाऱ्याला दिली, तर तो निकाल त्यांच्यापुरताच असल्याची भूमिका केंद्राने घेतली. सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२३ मध्ये हे तत्त्व मान्य केले. तरी फेब्रुवारी २०२५ च्या आदेशानुसार जे आधी कोर्टात गेले नव्हते, त्यांना वाढीव पेन्शन १ मे २०२३ पासूनचीच, मागची थकबाकी नाही. आपल्याकडे शाळेत नाव घालताना गुरुजींनी १ जून ही जन्मतारीख लावलेले कितीतरी जण आहेत. ते ३१ मे रोजीच निवृत्त होतात, त्यामुळे त्यांना या निकालाचा उपयोगच नाही.

दाद कुठे मागायची, यातही फरक आहे. राज्य शासनाचा कर्मचारी १९९१ मध्ये सुरू झालेल्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये जातो. १९९७ च्या चंद्रकुमार निकालानंतर मॅटच्या निर्णयाविरुद्ध उच्च न्यायालयात जाता येते. जिल्हा परिषदेचे शिक्षक, ग्रामसेवक मॅटच्या कक्षेत येत नाहीत, ते थेट उच्च न्यायालयात रिट दाखल करतात. दोघांनाही मुंबईच गाठावी लागे. जतहून किंवा पाटणहून साठीच्या माणसाने एका तारखेसाठी रात्रीची एसटी धरायची, आणि प्रकरण बोर्डावर, म्हणजे त्या दिवशीच्या सुनावणीच्या यादीत, न आल्याने तसेच परतायचे.

सहा जिल्ह्यांतल्या वकिलांनी चार दशके लावून धरलेली मागणी अखेर मान्य झाली. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले, सातारा आणि सांगली त्याच्या कक्षेत आहेत. जिल्हा परिषदेच्या निवृत्त शिक्षकाला आता सांगलीहून पन्नासेक किलोमीटरवर दाद मागता येते. तहसील कार्यालयातल्या त्या अव्वल कारकुनाला मात्र पहिला अर्ज मॅटकडेच करावा लागतो.