डोरेमॉनचा पहिला आवाज कुणाचा?

डोरेमॉनचा पहिला आवाज नोबुयो ओयामा यांचा, आणि 2005 मध्ये तो सोडल्यावर त्या घरीच बसल्या, असं वर्षानुवर्षं सांगितलं जातं. दोन्ही चूक. 1973 मध्ये जपानच्या निप्पॉन टीव्ही वाहिनीवर आलेली डोरेमॉनची पहिली मालिका काही महिन्यांतच गुंडाळली गेली. तिच्यात आधी कोसेई तोमिता, मग मासाको नोझावा यांचा आवाज होता. (हो, पुढे ‘ड्रॅगन बॉल’मधल्या गोकूचा आवाज झालेल्या त्याच नोझावा!) ओयामा आल्या 1979 मध्ये, टीव्ही असाहीच्या मालिकेत.

आणि घरी बसल्या म्हणाल, तर 2010 चा ‘दांगानरोंपा’ हा गेम लावून बघा. विद्यार्थ्यांना एकमेकांचे खून करायला लावणारं अर्धं पांढरं, अर्धं काळं अस्वल मोनोकुमा ‘उपुपुपु’ करून खिदळतं, ते ओयामांच्याच घोगऱ्या आवाजात. मुलांचा लाडका सूर असा वापरलेला ऐकून अंगावर काटाच येतो. या गेमवरच्या 2013 च्या अ‍ॅनिमेतही (जपानी कार्टून मालिकेतही) मोनोकुमाचा आवाज त्यांचाच होता.