गुळगुळीत की खरखरीत? स्तन-इम्प्लांटमागची गोष्ट

सोलापुरात टॉवेल घेणारा आधी त्यावरून तळहात फिरवतो. रंग आणि भाव नंतर. स्तनाला आकार देण्यासाठी आत बसवायच्या इम्प्लांटच्या बाबतीतही पृष्ठभागाचाच प्रश्न पुढे कळीचा ठरला, पण फार उशिरा.

१८९५ साली जर्मनीतल्या हायडेलबर्गमध्ये व्हिन्सेन्झ चेर्नी या सर्जननी गाठ काढलेल्या बाईच्या स्तनात तिच्याच अंगावरची चरबीची गाठ बसवली. परकं असं काहीच नव्हतं. त्यानंतर मात्र पॅराफिन टोचलं गेलं, म्हणजे मेणबत्तीतलंच मेण; त्याच्या गाठी झाल्या. जपानमध्ये महायुद्धानंतर पातळ सिलिकॉन टोचलं, तर ते अंगात इकडेतिकडे सरकलं. स्पंज बसवले, ते कडक झाले.

१९६२ मध्ये अमेरिकेत ह्यूस्टनला थॉमस क्रोनिन आणि फ्रँक गेरो या सर्जननी सिलिकॉनच्या पिशवीत सिलिकॉनचंच जेल भरून ती पहिल्यांदा एका बाईला बसवली. कल्पना सुचली रक्ताची प्लास्टिकची पिशवी हातात दाबताना. बाई आली होती छातीवरचं गोंदण काढायला! पिशव्या फुटतात, जेल झिरपतं, या तक्रारींवरून १९९२ साली अमेरिकेत जेलच्या इम्प्लांटवर निर्बंध आले. १९९९ च्या मोठ्या आढाव्यात संधिवातासारख्या आजारांशी संबंध दिसला नाही आणि २००६ मध्ये त्यांना परत परवानगी मिळाली. फ्रान्सच्या पीआयपी कंपनीने तर औद्योगिक सिलिकॉन भरलं होतं. ते २०१० मध्ये उघडकीला आलं. तो दोष साहित्याचा नव्हे, लबाडीचा.

आता पृष्ठभाग. परकी वस्तू आत गेली की शरीर तिच्याभोवती वेष्टण तयार करतं. ते आवळलं की स्तन कडक होतो, दुखतो. हे टाळायला इम्प्लांटचं बाहेरचं कवच खरखरीत केलं गेलं. एका प्रकारात ओल्या सिलिकॉनवर मिठाचे खडे दाबायचे आणि मग ते धुऊन टाकायचे. खड्ड्यांची जाळी उरते. याच खरखरीत कवचांशी एक दुर्मीळ कर्करोग जोडला गेला, स्तनाचा नव्हे तर लसीका पेशींचा. बऱ्याचदा इम्प्लांटनंतर काही वर्षांनी एका बाजूला पाणी साचून सूज येते. २०११ मध्ये एफडीए या अमेरिकेच्या औषध-उपकरण नियामक संस्थेने इशारा दिला आणि २०१९ मध्ये अ‍ॅलर्गन कंपनीने आपले बायोसेल नावाचे खरखरीत इम्प्लांट जगभरातून मागे घेतले.

आपल्या सोलापूर जिल्ह्यात बार्शीला १९८७ पासून ग्रामीण कर्करोग नोंदणी, म्हणजे खेड्यांतल्या कर्करुग्णांची नोंद, चालते; स्तन काढावा लागलेल्या बायका इथे परक्या नाहीत. पाठीचा किंवा पोटाचा स्वतःचाच मांसल भाग वापरणं किंवा ब्लाउजमध्ये पॅड घालणं, हेही त्यांच्यापुढचे मार्ग आहेत. इम्प्लांटच घेतलं, तर खोक्यावरचं कंपनी, प्रकार आणि क्रमांकाचं स्टिकर फाइलमध्ये चिकटवून घ्यावं. मागे घेतलेल्यांत आपलं आहे का, हे २०१९ मध्ये त्यावरूनच कळत होतं.