मुक्तस्रोत कंपायलर

उच्चस्तरीय भाषेतील आज्ञावलीचे यंत्रभाषेत रूपांतर करणारा आणि ज्याचा स्वतःचा मूळ स्रोत वाचण्यास, बदलण्यास व पुन्हा वाटण्यास मोकळा असतो असा कंपायलर. जीसीसी व एलएलव्हीएम ही प्रमुख उदाहरणे.

आरंभाविषयी एकमत नाही. संगणकतज्ज्ञ ग्रेस हॉपर यांच्या गटाने १९५३ च्या सुमारास युनिव्हॅक या संगणकासाठी तयार केलेल्या ए-२ प्रणालीचा स्रोत ग्राहकांना दिला जाई व त्यांच्याकडून सुधारणा मागवल्या जात. म्हणून काही लेखक तिला आद्य मानतात. परंतु ए-२ चे मुख्य काम तयार उपकार्यक्रम जोडण्याचे होते आणि सॉफ्टवेअरच्या परवान्याचा प्रश्न तेव्हा उपस्थितच झाला नव्हता. परंपरा जीसीसीपासून धरणे अधिक सयुक्तिक दिसते.

जीसीसीचे मूळ पास्टेल या आधीच्या कंपायलरमध्ये असल्याचे काही वेळा म्हटले जाते, तेही तंतोतंत खरे नाही. मुक्त कार्यप्रणाली उभारण्याच्या ग्नू प्रकल्पासाठी त्याचे प्रवर्तक रिचर्ड स्टॉलमन यांनी लॉरेन्स लिव्हरमोर प्रयोगशाळेतील पास्टेल घेतला व त्याला सी भाषेसाठीचा भाग जोडला. मात्र पास्टेल संपूर्ण फाइलचा वाक्यवृक्ष (आज्ञांच्या रचनेची झाडासारखी मांडणी) स्मृतीत उभारी. त्याला कित्येक मेगाबाइट स्टॅक (तात्पुरत्या माहितीसाठीची स्मृतीतील जागा) लागे. हाताशी असलेल्या ६८००० प्रोसेसरवरील युनिक्समध्ये मिळत होता ६४ किलोबाइट. अखेर त्यांनी नवा कंपायलर लिहिला. पास्टेलचा कोड त्यात आला नाही. स्वतः लिहिलेला सी-विभाग तेवढा जुळवून घेतला. पहिली चाचणी आवृत्ती मार्च १९८७ मधील. पुढे विकास मंदावल्याने १९९७ मध्ये ईजीसीएस ही शाखा फुटली व १९९९ मध्ये तीच अधिकृत जीसीसी ठरली.

जीसीसीचे मध्यवर्ती रूप, म्हणजे स्रोत व यंत्रभाषा यांच्या मधल्या टप्प्यावरील मांडणी, बाहेरच्या आज्ञावलींना सहज वापरता येऊ नये, असा स्टॉलमन यांचा आग्रह होता. तसे झाल्यास मालकी हक्काचे भाग जोडून बदललेला स्रोतही खुला ठेवून वाटण्याची अट घालणाऱ्या जीपीएल परवान्याला बगल दिली जाईल, ही त्यांची भीती. प्लगइनची, म्हणजे बाहेरचे भाग जोडण्याची, सोय २०१० च्या ४.५ आवृत्तीत आली, तीही आदल्या वर्षी परवान्यातील अपवाद नव्याने बांधून घेतल्यावर. रचना परवान्याने ठरल्याचे इतके स्पष्ट उदाहरण विरळा.

एलएलव्हीएमची दिशा उलट. इलिनॉय विद्यापीठात २००० मध्ये क्रिस लॅटनर व विक्रम अडवे यांनी सुरू केलेल्या या प्रकल्पात मध्यवर्ती रूप उघड, विभाग सुटे आणि परवाना सैल आहे. २००५ मध्ये तो जीसीसीत सामावण्याचा प्रस्ताव मांडला गेला होता. तो फळला नाही. स्विफ्ट, रस्ट व ज्युलिया यांचे मुख्य कंपायलर आज एलएलव्हीएमवर उभे आहेत. इंटेलनेही आपल्या मालकी हक्काच्या सी व सी++ कंपायलरचा पाया तिकडे नेला. लिनक्सचा गाभा जीसीसी आणि क्लँग (एलएलव्हीएमवर आधारित सी कंपायलर) या दोहोंनी बांधता येतो.

स्रोत खुला असला की कंपायलर विश्वासार्ह ठरतो, हे गृहीतक युनिक्सचे एक जनक केन टॉम्पसन यांनी १९८४ मध्येच खोडून काढले होते: दूषित कंपायलर स्वतःची पुढची प्रत बांधताना स्रोतात न दिसणारा दोष त्यात उतरवू शकतो. असा दोष उघड करण्यासाठी डेव्हिड व्हीलर यांनी मांडलेल्या पद्धतीत संशयित कंपायलरचा स्रोत दुसऱ्या, स्वतंत्र कंपायलरने बांधतात, तयार झालेल्या कंपायलरने तोच स्रोत पुन्हा बांधतात आणि हाती आलेली प्रत मूळ प्रतीशी बिट-बिट ताडून पाहतात.