कलम कळलं, पुढे काय? गुन्ह्याचा वर्ग, तक्रार, जामीन आणि लागणारे कागद

एफआयआरवर कलमांचे आकडे दिसले की बहुतेक जण मोबाईलवर आधी शोधतात ते शिक्षा किती. सात वर्षं दिसली की घरात रडारड, सहा महिने दिसले की सगळे निवांत. पहिल्या आठवड्यात या आकड्याचा फारसा उपयोग नसतो. त्या आठवड्यात तीन उत्तरं लागतात: गुन्हा दखलपात्र की अदखलपात्र, जामीनपात्र की अजामीनपात्र, आणि खटला कोणत्या कोर्टात चालणार. ठाण्यात जायचं की कोर्टात, जामीनदार आजच उभा करायचा की अर्ज टाकून सुनावणीची वाट बघायची, कोणते कागद पिशवीत घालायचे, सगळं त्यावर ठरतं.

ही उत्तरं भारतीय न्याय संहितेत सापडत नाहीत. तिथे गुन्ह्याची व्याख्या आणि शिक्षा आहे. वर्गवारी आहे ती भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या पहिल्या अनुसूचीत, सहा रकान्यांच्या एका लांबलचक तक्त्यात. कलम, गुन्हा, शिक्षा आणि त्यापुढे आपल्याला हवे असलेले तीन रकाने. दोन्ही संहिता १ जुलै २०२४ पासून लागू आहेत. त्याआधी घडलेल्या गुन्ह्याला जुनी भारतीय दंड संहिताच लागते, फिर्याद आज दिली तरी.

दखलपात्र म्हणजे पोलीस स्वतःहून तपास करू शकतात आणि वॉरंटशिवाय अटक करू शकतात. अदखलपात्रात दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय तपासच करता येत नाही. जामीनपात्र म्हणजे जामीन हा हक्क, तो ठाण्यातूनही मिळतो. आणि अजामीनपात्र म्हणजे जामीन मिळतच नाही, असं नव्हे. तो द्यायचा की नाही हे कोर्ट ठरवतं, एवढाच अर्थ. हा गैरसमज इतका पक्का आहे की कित्येक घरं पहिले दोन दिवस हातपाय गाळून बसतात.

शिक्षा मोठी म्हणजे जामीन अवघड, हा अंदाजही चालत नाही. न्याय संहितेचं कलम ११७(२), गंभीर दुखापत: सात वर्षांपर्यंत कैद, तरी जामीनपात्र. कलम १०६(१), निष्काळजीपणाने मृत्यू: पाच वर्षांपर्यंत, जामीनपात्र. साधी चोरी, कलम ३०३(२): तीन वर्षांपर्यंत, आणि ती मात्र अजामीनपात्र. म्हणून अंदाज न बांधता रकाना बघावा.

एका दाताचा फरक

भांडणात थोबाडीत बसली, ओठ फुटला. ही साधी दुखापत, कलम ११५(२). शिक्षा एक वर्षापर्यंत कैद किंवा दहा हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही, वर्ग अदखलपात्र. ठाण्यात एनसी (अदखलपात्र गुन्ह्याची नोंद) लिहून घेतात आणि कोर्टात जायला सांगतात. पण त्याच थपडेत दात तुटला किंवा निखळला, तर कलम ११६ प्रमाणे ती गंभीर दुखापत होते. हाड मोडणं किंवा सरकणं, किंवा पंधरा दिवस तीव्र वेदना वा रोजची कामं न जमणं, हेही त्यातच येतं (जुन्या कायद्यात हे वीस दिवस होते). मग गुन्हा दखलपात्र. एनसीचा एफआयआर होतो, तपास पोलिसांवर येतो.

म्हणून मारहाणीनंतर आधी सरकारी दवाखाना. ठाण्यात गेलात तर तिथून मेडिकल यादी (तपासणीसाठी पोलिसांचं पत्र) घेऊन जा. एक्स-रे काढायला सांगितला तर टाळू नका आणि दाताचं काही असेल तर दंतवैद्याची नोंद केसपेपरवर यायला हवी. एनसी आधी झाली आणि फ्रॅक्चर नंतर कळलं, तर रिपोर्टसह पुरवणी जबाब द्या आणि कलम वाढवण्याची लेखी मागणी करा. ही मागणी तोंडी करू नये. पोच घेतलेल्या अर्जाला जे वजन असतं ते ठाणे अंमलदाराशी झालेल्या बोलण्याला नसतं.

चोरीतही असाच एक उंबरठा आहे. माल पाच हजार रुपयांपेक्षा कमी किमतीचा, आरोपी पहिल्यांदाच दोषी ठरलेला आणि माल किंवा त्याची किंमत परत केलेली, अशा वेळी शिक्षा समाजसेवेची, आणि तो प्रकार अदखलपात्र व जामीनपात्र. पण तोच माल, समजा मोबाईल, घरातून किंवा एसटीतून गेला तर कलम ३०५ लागतं. सात वर्षांपर्यंत कैद, किंमत कितीही असो. तेव्हा फिर्यादीत वस्तू कुठून गेली हे स्पष्ट लिहा. आणि चोरीला गेलेला फोन 'हरवला' म्हणून लिहून देऊ नका. हरवल्याची नोंद सिमकार्ड पुन्हा काढायला उपयोगी पडते, गुन्ह्याच्या तपासाला नाही.

राज्याचे स्वतःचे कायदे

फौजदारी कायदा हा राज्यघटनेच्या समवर्ती सूचीतला विषय, त्यामुळे राज्यंही गुन्हे आणि शिक्षा ठरवतात. महाराष्ट्राने ते बरंच केलं आहे. २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यात सहा महिने ते सात वर्षं कैद आणि पाच ते पन्नास हजार रुपये दंड, गुन्हा दखलपात्र व अजामीनपात्र. सामाजिक बहिष्काराविरुद्धच्या २०१६ च्या कायद्यात तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड, दखलपात्र पण जामीनपात्र. डॉक्टर आणि रुग्णालयांवरच्या हल्ल्यांसाठी २०१० चा कायदा: तीन वर्षांपर्यंत कैद, पन्नास हजारांपर्यंत दंड, अजामीनपात्र, शिवाय मोडतोडीच्या दुप्पट भरपाई. यातल्या दोन कायद्यांत कमाल कैद सारखीच तीन वर्षं, पण एकात जामीन हक्काचा आणि दुसऱ्यात कोर्टाच्या मर्जीचा. मोक्का, म्हणजे १९९९ चा संघटित गुन्हेगारी कायदा, हे वेगळंच प्रकरण आहे. तिथे जामिनाच्या अटी फार कडक, आणि दोषारोपपत्राची मुदत १८० दिवसांपर्यंत वाढू शकते. गोव्याहून गाडीच्या डिकीत परवान्याशिवाय बाटल्या आणणाऱ्यांनी हेही लक्षात ठेवावं की सीमेवरच्या पत्रादेवीच्या अलीकडे महाराष्ट्र दारूबंदी कायदा लागतो. तिकडची खरेदी-पावती इकडे परवाना ठरत नाही.

विशेष कायद्यात वर्गवारी लिहिलेली नसेल तर अनुसूचीचा दुसरा भाग बघायचा. सात वर्षांहून जास्त शिक्षा: दखलपात्र, अजामीनपात्र, सत्र न्यायालय. तीन ते सात वर्षं: दखलपात्र, अजामीनपात्र, प्रथम वर्ग न्यायदंडाधिकारी. तीन वर्षांपेक्षा कमी किंवा नुसता दंड: अदखलपात्र, जामीनपात्र. 'तीन वर्षांपर्यंत' असं लिहिलेलं असेल तर काय, यावर बरीच वर्षं वाद होता. कॉपीराइट कायद्याच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये तो गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र ठरवला.

तक्रारदारासाठी

दखलपात्र गुन्हा असेल तर कोणत्याही ठाण्यात फिर्याद देता येते, हद्दीचं कारण सांगून परत पाठवता येत नाही. झीरो नंबरने नोंद करून ती संबंधित ठाण्याकडे जाते. ऑनलाइन दिली तर तीन दिवसांत जाऊन सही करावी लागते. प्रत मोफत मिळते, मागून घ्या. तीन वर्षं किंवा जास्त पण सातपेक्षा कमी शिक्षेच्या गुन्ह्यात उपअधीक्षकांच्या परवानगीने चौदा दिवस प्राथमिक चौकशी चालू शकते, त्यामुळे तेवढ्या काळात एफआयआर झाला नाही म्हणजे प्रकरण दाबलं असं लगेच समजू नये.

फिर्याद घेतलीच नाही, तर तीच हकीकत लिहून रजिस्टर पोस्टाने पोलीस अधीक्षकांना पाठवा. आयुक्तालयाच्या शहरात पोलीस उपायुक्तांना. त्यानंतरही हालचाल नसेल तर कलम १७५(३) (नागरिक सुरक्षा संहिता; यापुढची नुसत्या आकड्याची कलमंही तिचीच) खाली दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करायचा. सोबत प्रतिज्ञापत्र, ठाण्यातल्या अर्जाची पोच आणि अधीक्षकांना पाठवलेल्या पत्राची पोस्टाची पावती. पहिल्या दोन पायऱ्या गाळून थेट कोर्टात गेलात तर अर्ज तिथेच अडतो.

एनसीत रस्ता निराळा. एनसीची प्रत, मेडिकल सर्टिफिकेट, साक्षीदारांची नावं-पत्ते, फोटो किंवा व्हिडिओ असेल तर इलेक्ट्रॉनिक पुराव्याचं प्रमाणपत्र (भारतीय साक्ष्य अधिनियम, कलम ६३) हे घेऊन एकतर तपासाचा आदेश मागायचा किंवा खाजगी फिर्याद दाखल करायची. खाजगी फिर्यादीत तुमचा शपथेवर जबाब होतो, आणि नव्या कायद्यानुसार दखल घेण्याआधी समोरच्यालाही म्हणणं मांडायची संधी मिळते. एनसीतलं एक जरी कलम दखलपात्र असेल तर सगळं प्रकरण दखलपात्र धरलं जातं.

इथे मुदतीकडे लक्ष हवं. नुसत्या दंडाच्या गुन्ह्यात सहा महिने, एक वर्षापर्यंत कैदेच्या गुन्ह्यात एक वर्ष, एक ते तीन वर्षांच्या गुन्ह्यात तीन वर्षं. साध्या मारहाणीची एनसी घेऊन दीड वर्षाने वकिलाकडे येणाऱ्यांची संख्या कमी नाही, आणि तोवर एक वर्षाची मुदत उलटलेली असते.

आरोपी आणि घरच्यांसाठी

सात वर्षांपर्यंतच्या गुन्ह्यात पोलीस बहुधा आधी कलम ३५(३) ची नोटीस देतात. ती अटक नव्हे. तारखेला हजर राहा, आधार आणि मागितलेले कागद द्या, दिलेल्या प्रत्येक कागदाची पोच घ्या. नोटीस पाळणाऱ्याला अटक करायची तर पोलिसांना कारण लेखी नोंदवावं लागतं. नोटीस पाळलीच नाही तर अटकेला कारण आयतं मिळतं.

जामीनपात्र गुन्ह्यात जामीनदार आणि जातमुचलका (स्वतःच्या सहीचं हमीपत्र) दिला की सुटका. अजामीनपात्रात अटकेनंतर चोवीस तासांच्या आत कोर्टापुढे हजर करतात, तिथे पोलीस कोठडी मिळते की न्यायालयीन, हे आधी ठरतं. जामिनाचा अर्ज बहुधा न्यायालयीन कोठडी झाल्यावर टाकतात. त्यात गुन्हा रजिस्टर नंबर, कलमं, अटकेची तारीख, पत्ता, आधी काही गुन्हे असतील तर तेही लिहावे, लपवू नयेत, कारण सरकारी वकिलांच्या म्हणण्यात ते येणारच. सोबत वकीलपत्र, एफआयआरची प्रत, आरोपीच्या राहत्या पत्त्याचा पुरावा, आजारपण असेल तर त्याचे कागद. स्त्री, लहान मूल किंवा आजारी माणूस असेल तर कलम ४८० मध्ये सवलतीची तरतूद आहे, ती अर्जात नमूद करावी. खालच्या कोर्टाने नाकारलं तर सत्र न्यायालय, मग उच्च न्यायालय. अटकपूर्व जामीन मात्र सुरुवातीलाच सत्र किंवा उच्च न्यायालयात, आणि ॲट्रॉसिटी कायद्यात त्याची दारं कायद्यानेच बंद केली आहेत.

जामीन मंजूर झाला म्हणजे माणूस सुटला, असं नाही. खरी धावपळ इथून पुढे असते. जामीनदाराचे आधार, पॅन, रेशन कार्ड, फोटो आणि ऐपतीचा पुरावा लागतो. गावाकडे सातबारा आणि आठ-अ, शहरात घरपट्टीची पावती, नोकरदार असेल तर अलीकडची पगारपत्रकं आणि ओळखपत्र. काही कोर्टं तहसीलदारांचा ऐपतीचा दाखला मागतात, त्याला दिवस जातात, म्हणून आदेशात तो मागितलाय का हे आधी वाचा. सातबारा ताजा आणि डिजिटल सहीचा काढा, आणि काढल्यावर इतर हक्काचा रकाना बघा. तिथे सोसायटीचा किंवा बँकेचा बोजा भरपूर असेल किंवा खातं सामाईक असेल तर कोर्ट विचारणारच. मूळ कागद आणि झेरॉक्स दोन्ही न्या. जामीनदाराने आधी कोणाकोणाला जामीन राहिलाय हेही लिहून द्यावं लागतं. आणि त्याला हेही सांगा की आरोपी तारखेला आला नाही तर बंधपत्राची रक्कम त्याच्याकडून वसूल होऊ शकते. मैत्रीखातर सही करणाऱ्यांना हे कुणी सांगत नाही.

जामीनदार मिळत नसेल तर? जामीनपात्र गुन्ह्यात एका आठवड्यात जामीन देता आला नाही तर तो माणूस निर्धन समजून जातमुचलक्यावर सोडायचा, असं कलम ४७८ सांगतं. रोख जामिनावर तात्पुरती सुटका मागता येते. जामीनदार स्थानिकच हवा, हा हट्ट कोर्टात अजून दिसतो. १९७८ सालच्या मोती राम प्रकरणात एका गवंड्यासाठी त्याचा भाऊ राहिलेला जामीन, भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात म्हणून नाकारला होता. सर्वोच्च न्यायालयाने तो हट्ट चुकीचा ठरवला. हा निकाल अर्जात जरूर टाका. सात दिवसांत सुटका झाली नाही तर तुरुंग अधीक्षकाने जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाला कळवायचं, असे २०२३ पासून सर्वोच्च न्यायालयाचे निर्देश आहेत. वकिलाची फी परवडत नसेल तर हेच प्राधिकरण किंवा तालुका विधी सेवा समिती मोफत वकील देते. स्त्रिया, मुलं, अनुसूचित जाती-जमाती, अपंग आणि कोठडीतला कोणीही, यांना उत्पन्नाची अट नाही. अर्ज साध्या कागदावर चालतो, हेल्पलाइन १५१००.

शिक्षेची वेळ येईल तेव्हा तक्त्यातला आकडा ही कमाल मर्यादा असते, ठरलेला दर नव्हे. प्रथम वर्ग न्यायदंडाधिकारी तीन वर्षांपेक्षा जास्त कैद देऊ शकत नाहीत, दंड पन्नास हजारांपर्यंत. आणि खटला रेंगाळला तर कलम ४७९ बघा: कमाल शिक्षेच्या निम्मी मुदत तुरुंगात गेली, किंवा पहिलाच गुन्हा असेल तर एक तृतीयांश, की सुटकेचा अर्ज करता येतो. फाशी-जन्मठेपेच्या गुन्ह्यांना आणि एकाहून अधिक प्रकरणं प्रलंबित असलेल्यांना हे लागू नाही.

रोख जामीन भरला असेल तर कोर्टाची मूळ पावती जपून ठेवा. निकालानंतर रक्कम परत मागायचा अर्ज वेगळा करावा लागतो, त्यात केस नंबर, निकालाची प्रत आणि पैसे भरणाऱ्याच्या नावाचं बँक पासबुक जोडतात. पावतीवर भलत्याचं नाव असेल तर पैसे त्याच्याच खात्यात जातात. भरतानाच नाव तपासा.