मिक ओ'ड्वायर (गेलिक फुटबॉल)

मिक ओ'ड्वायर उर्फ 'मिको' (९ जून १९३६ – ३ एप्रिल २०२५) हा आयर्लंडमधल्या केरी काउंटीचा (काउंटी म्हणजे आपल्याकडच्या जिल्ह्यासारखी) गेलिक फुटबॉलपटू आणि नंतर मॅनेजर. ऑल-आयर्लंड ही या खेळातली सगळ्यात मोठी स्पर्धा, ती त्याने खेळाडू म्हणून ४ वेळा आणि मॅनेजर म्हणून ८ वेळा जिंकली. पण नुसत्या या आकड्यांवरून त्याचं मोठेपण पूर्ण कळत नाही, आणि ते का हे समजायला आधी खेळ थोडा माहीत पाहिजे.

गेलिक फुटबॉलमध्ये एका टीमचे १५ जण असतात, बॉल हातात घेऊनही पळता येतं आणि लाथेनेही मारता येतो. गोलपोस्टच्या आडव्या दांडीच्या (क्रॉसबार) खालून बॉल गेला तर गोल, त्याचे ३ पॉइंट, वरून गेला तर मिकोच्या काळात १ पॉइंट (२०२५ पासून लांबून मारला तर २). म्हणून स्कोअर १-१५ असा लिहितात, म्हणजे १ गोल आणि १५ पॉइंट, एकूण १८. हा खेळ चालवणारी जीएए (गेलिक ॲथलेटिक असोसिएशन) ही संघटना १८८४ सालची. आणि महत्त्वाचं म्हणजे खेळाडूंना पगार नाही, दिवसा शाळा, शेती, ऑफिस आणि संध्याकाळी ट्रेनिंग. शिवाय खेळाडू सहसा आपल्याच काउंटीकडून खेळतो, त्यामुळे मॅनेजरला पैसे टाकून स्टार आणता येत नाही, आहेत त्याच पोरांना घडवावं लागतं.

मिको वॉटरव्हिलचा, केरीच्या टोकाला समुद्रकाठी वसलेलं छोटं गाव (चार्ली चॅप्लिन सुट्टीला यायचा तेच). १९५९ आणि १९६२ ला तो डिफेन्समध्ये खेळून ऑल-आयर्लंड जिंकला, मग साठच्या दशकाच्या मध्यात दोन्ही पाय मोडले, रिटायरही झाला, सगळ्यांना वाटलं संपलं. पण १९६८ ला परत आला तो फॉरवर्ड म्हणून, आणि १९६९ व १९७० ला अजून दोन मेडल घेतली, १९६९ चा वर्षातला सर्वोत्तम फुटबॉलपटूही तोच.

१९७५ ला मॅनेजर म्हणून पहिल्याच सीझनमध्ये त्याने अगदी तरुण पोरांची टीम उतरवली आणि फायनलला गतविजेत्या डब्लिनला २-१२ विरुद्ध ०-११ असं हरवलं. त्याचं सूत्र साधं, फिटनेस. किलार्नीच्या मैदानावर राउंडवर राउंड मारून घ्यायचा, पोरं अक्षरशः मैदानाच्या कडेला ओकायची. इओन लिस्टन नावाचा आडदांड पोरगा होता, वजन जास्त, त्याला वॉटरव्हिलमध्ये पळवून पळवून मिकोने तयार केलं आणि १९७८ च्या फायनलला त्याच लिस्टनने डब्लिनला ३ गोल ठोकले.

१९७८ ते १९८१ सलग चार वेळा केरी जिंकली. १९८२ ला सलग पाचवं जिंकलं असतं तर तोपर्यंत कोणालाच न जमलेलं झालं असतं, टी-शर्टसुद्धा छापून तयार होते. ऑफली काउंटीविरुद्धची फायनल, दोनेक मिनिटं उरलेली, केरी २ पॉइंटने पुढे, आणि बदली म्हणून आलेल्या शेमस डार्बीने उंच आलेला बॉल डिफेंडरच्या मागे झेलून सरळ गोलमध्ये मारला. डार्बीने पाठीत ढकललं का यावर केरीत अजून वाद होतो. स्कोअर १-१५ विरुद्ध ०-१७, म्हणजे १८ आणि १७. पुढच्या वर्षी कॉर्कनेही शेवटच्या क्षणी गोल करून मन्स्टर या केरीच्या प्रांताच्या फायनलमध्येच घरी पाठवलं. दुसरी टीम इथेच मोडली असती, पण मिकोने त्यातल्याच बऱ्याच लोकांना पुन्हा उभं केलं आणि १९८४, ८५, ८६ असे सलग तीन किताब घेतले. पॅट स्पिलेन, पॉडी ओ शे, मायकी शीही, गेर पॉवर आणि ओगी मोरन या पाच जणांकडे त्याच्या हाताखालची आठही मेडल आहेत.

लोक इथेच थांबतात. माझ्या मते मात्र त्याची खरी ताकद केरी सोडल्यावर दिसते, कारण केरीत टॅलेंट होतंच. त्याने नंतर घेतलेल्या किल्डेअर काउंटीने लेन्स्टर प्रांताचा किताब १९५६ नंतर जिंकलाच नव्हता, तो मिकोने १९९८ ला मिळवून दिला, आणि त्याच वर्षी सेमीफायनलला गतविजेत्या केरीलाच हरवलं, आणि त्या केरीच्या मॅनेजरपदी तेव्हा त्याचाच जुना खेळाडू पॉडी ओ शे होता. किल्डेअरच्या टीममध्ये मिकोचा मुलगा कार्लही होता. फायनल गॉलवेने नेली. २००० ला पुन्हा लेन्स्टर. मग लीश काउंटी, तिथे १९४६ पासून लेन्स्टर किताबाचा दुष्काळ, पहिल्याच वर्षी २००३ ला किताब, आणि फायनलला समोर किल्डेअर!

त्यानंतर सत्तरी ओलांडलेल्या मिकोने विकलो काउंटी घेतली, जिथे सीनियर लेन्स्टर किताब कधी आलाच नाही. २००७ ला खालच्या गटातला टॉमी मर्फी कप जिंकला, २००८ ला डब्लिनच्या क्रोक पार्क या मुख्य स्टेडियमवर चॅम्पियनशिपमधला काउंटीचा पहिलावहिला विजय मिळाला, तोही किल्डेअरवर, आणि २००९ ला ऑक्रिमच्या छोट्या मैदानात फर्मॅना, कॅव्हन आणि डाउन अशा तिघांना ओळीने घरी पाठवलं. शेवटची टीम क्लेअर, २०१३.