सुजिच, डेयान

सुजिच, डेयान : (१९५२ – ). वास्तुकला व डिझाइन या विषयांवरील ब्रिटिश समीक्षक, संपादक आणि लंडनच्या डिझाइन म्यूझियमचे माजी संचालक. जन्म लंडन येथे, युगोस्लाव्हियातून आलेल्या कुटुंबात. आडनावाचा मूळ सर्बियन उच्चार ‘सुजिच’ असा असल्याने येथे तोच स्वीकारला आहे. वास्तुकलेचे शिक्षण एडिंबरा विद्यापीठात झाले. वास्तुविशारदाचा व्यवसाय मात्र त्यांनी केला नाही.

हा शेवटचा मुद्दा थोडा उलगडायला हवा, कारण परिचयांमधून त्यांचा उल्लेख कधी ‘वास्तुविशारद’, कधी ‘वास्तुकलेचे शिक्षण घेतलेले’, तर कधी नुसता ‘समीक्षक’ असा होतो. ब्रिटनमध्ये ‘आर्किटेक्ट’ ही केवळ व्यवसाय सांगणारी संज्ञा नाही, ती कायद्याने राखलेली उपाधी आहे. १९३१ च्या नोंदणी कायद्याने ‘नोंदणीकृत आर्किटेक्ट’ या नावाला संरक्षण मिळाले, १९३८ मध्ये ते ‘आर्किटेक्ट’ या शब्दालाच लागू झाले आणि सध्या १९९७ चा कायदा अमलात आहे. पदवी आहे पण नोंदणी नाही, अशा माणसाने व्यवसाय करताना स्वतःला आर्किटेक्ट म्हणवून घेणे तेथे गुन्हा ठरतो. इमारतीचे नकाशे काढायला मात्र तेथे कोणालाच बंदी नाही. भारतातील १९७२ च्या आर्किटेक्ट्स कायद्याचा अर्थही सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये असाच लावला : बंदी उपाधी वापरण्यावर आहे, कामावर नाही. मराठीत गुंता आणखी वाढतो. ‘वास्तुशास्त्रज्ञ’ म्हटले की दिशा आणि दोष सांगणारा माणूस डोळ्यांपुढे येतो, ‘वास्तुविशारद’ म्हटले की पाटीवरचा व्यावसायिक. सुजिच या दोहोंपैकी कोणीच नव्हेत. त्यामुळे ‘वास्तुकलेत शिकलेले’ हाच शब्दप्रयोग अधिक निर्धोक वाटतो. वास्तुविशारदाने संग्रहालय चालवल्याची उदाहरणे पाहिजेतच तर ती अन्यत्र आहेत. झुरिकच्या उपयोजित कला संग्रहालयाचे १९१२ ते १९३८ या काळातील संचालक आल्फ्रेड आल्थेर आणि फिनलंडच्या वास्तुकला संग्रहालयाचे १९७८ ते १९८३ या काळातील संचालक युहानी पल्लास्मा हे दोघेही खरोखर इमारती उभारणारे होते. सुजिच यांची वाट त्यांच्यापेक्षा वेगळी, संपादकाच्या टेबलावरून गेलेली आहे.

१९८३ मध्ये पीटर मरे आणि रचनाकार सायमन एस्टरसन यांच्यासह त्यांनी ‘ब्लूप्रिंट’ हे मासिक सुरू केले. तोवर वास्तुकलेची नियतकालिके मुख्यतः व्यवसायाअंतर्गत वाचली जात. त्यांत नकाशे, छेद, तांत्रिक तपशील आणि सहकाऱ्यांबद्दलचा सौजन्यपूर्ण मजकूर असे. ‘ब्लूप्रिंट’ने मोठ्या आकाराच्या पानांवर इमारत, खुर्ची, कपडे आणि दुकानाची सजावट एकाच पंगतीला बसवली. आज याचे नवल वाटणार नाही. पण पुढे संग्रहालयात त्यांनी जे केले त्याचा सांगाडा येथेच तयार झाला, असे मानायला जागा आहे. ब्रिटिश वृत्तपत्रांतूनही त्यांनी दीर्घकाळ वास्तुकलासमीक्षा लिहिली.

१९९९ साठी ‘वास्तुकला व डिझाइनचे शहर’ हा ब्रिटनमधील मान एडिंबरा आणि लिव्हरपूल यांना मागे टाकून ग्लासगोने मिळवला. त्या वर्षाच्या उपक्रमांचे संचालकपद सुजिच यांच्याकडे आले. वर्षभराच्या उत्सवाला इमारतीच्या रूपाने काही मागे ठेवावे लागते. स्कॉटिश वास्तुविशारद चार्ल्स रेनी मॅकिंटॉश यांचा हात लागलेली ‘ग्लासगो हेरल्ड’ वृत्तपत्राची १८९५ ची इमारत अनेक वर्षे रिकामी पडली होती. तिचे रूपांतर ‘द लाइटहाउस’ या वास्तुकला व डिझाइन केंद्रात झाले. ग्लासगो ग्रीनजवळ ‘होम्स फॉर द फ्यूचर’ हा गृहप्रकल्पही याच उपक्रमातला. लाइटहाउस चालवणारा न्यास २००९ मध्ये आर्थिक अडचणीत येऊन प्रशासकांच्या हाती गेला. त्याचा दोष दहा वर्षांपूर्वीच्या संचालकावर टाकणे योग्य नव्हे, पण उत्सवातून उभ्या राहिलेल्या संस्थेच्या रोजच्या खर्चाचा प्रश्न त्यातून दिसतो. २००० मध्ये सुजिच यांना ‘ओबीई’ हा ब्रिटिश नागरी किताब मिळाला.

२००० ते २००४ या काळात ते मिलानच्या ‘दोमुस’ या मासिकाचे संपादक होते. १९२८ मध्ये वास्तुविशारद जिओ पाँती यांनी सुरू केलेल्या या मासिकाचे संपादकपद इटलीत मानाचे समजले जाते. याच काळात, २००२ मध्ये, व्हेनिसच्या आठव्या वास्तुकला द्वैवार्षिकीचे (दर दोन वर्षांनी भरणाऱ्या प्रदर्शनाचे) संचालन त्यांनी केले. ‘नेक्स्ट’ हे तिचे सूत्र होते. पुढच्या काही वर्षांत प्रत्यक्ष उभ्या राहणाऱ्या इमारती तेथे मुख्यतः प्रतिकृती आणि बांधकाम साहित्याचे नमुने यांतून मांडल्या होत्या. आधीच्या, २००० च्या द्वैवार्षिकीत पडद्यांवरील चित्रफितींचा भर होता. त्या तुलनेत ही मांडणी जुन्या वळणाची ठरली. हाताने चाचपता येईल अशा वस्तूवरचा हा विश्वास पुढेही त्यांच्या कामात दिसतो.

डिझाइन म्यूझियमची पार्श्वभूमी : उद्योजक व डिझायनर टेरेन्स कॉनरन यांच्या न्यासाने स्टीव्हन बेली यांच्या हाती देऊन ‘बॉयलरहाउस’ हा डिझाइन प्रदर्शनांचा उपक्रम व्हिक्टोरिया अँड ॲल्बर्ट म्यूझियमच्या जुन्या बॉयलरच्या जागेत १९८२ पासून चालवला. १९८९ मध्ये थेम्सकाठी शॅड टेम्स येथे स्वतंत्र संग्रहालय उघडले. ही इमारत मूळची १९४० च्या दशकातील केळ्यांची वखार. नूतनीकरणात तिला पांढरा रंग आणि आडव्या खिडक्या देऊन १९३० च्या दशकातील आधुनिकतावादी घराचे रूप आणले गेले. पाहणाऱ्यांपैकी अनेकांना ती मुळातच तशी असल्याचे वाटे. डिझाइनच्या संग्रहालयाने आपल्याच इमारतीला असा वेष चढवावा, यातली गंमत समीक्षकांनी वेळोवेळी नोंदवली आहे.

सुजिच यांच्या आधीच्या संचालक ॲलिस रॉस्थॉर्न (२००१–०६) यांच्या काळात एक वाद झाला. पुष्परचनाकार कॉन्स्टन्स स्प्राय यांच्यावरील प्रदर्शन भरवल्याने संग्रहालय तंत्र आणि उपयोगितेकडून शैलीकडे झुकत आहे, असे म्हणत संग्रहालयाचे अध्यक्ष, व्हॅक्यूम क्लीनरचे निर्माते जेम्स डायसन यांनी २००४ मध्ये राजीनामा दिला. कॉनरन यांचीही नाराजी होती. डिझाइन म्हणजे यंत्र सुटसुटीत चालवणे की घराघरातल्या आवडीनिवडींना आकार देणे, हा प्रश्न त्यामुळे चव्हाट्यावर आला. मराठीत आपण ‘अभिकल्प’ हा शासकीय शब्द बाजूला ठेवून दोन्ही अर्थांनी ‘डिझाइन’ म्हणतो. साडीच्या काठाचेही डिझाइन आणि पंपाचेही. भाषेच्या दृष्टीने स्प्राय यांची बाजू घेणेच मराठी वाचकाला सोपे जाईल.

२००६ मध्ये सुजिच संचालक झाले. त्यांनी या वादात उघडपणे पक्ष घेतल्यापेक्षा दोन्ही पारडी भरत ठेवल्याचे कार्यक्रमपत्रिकेवरून दिसते. वास्तुविशारद झाहा हदीद (२००७), ब्राउन कंपनीचे डीटर राम्स (२००९–१०), वास्तुरचनाकार जॉन पॉसन (२०१०–११), पादत्राणांचे क्रिस्टियान लुबुताँ (२०१२) आणि कपड्यांचे पॉल स्मिथ (२०१३–१४) अशी एकल प्रदर्शने पाठोपाठ झाली. २००८ पासून ‘वर्षातील सर्वोत्तम डिझाइन’ हा पुरस्कारही सुरू झाला. पहिल्या वर्षी तो गरीब देशांतील मुलांसाठीच्या स्वस्त लॅपटॉपला मिळाला, तर २०१३ मध्ये ब्रिटिश सरकारच्या ‘गव्ह डॉट यूके’ या संकेतस्थळाला. २०१४ मध्ये हदीद यांच्या अझरबैजानमधील बाकू येथील, त्या देशाच्या माजी अध्यक्षांचे नाव दिलेल्या हैदर अलियेव्ह केंद्राला पुरस्कार दिल्यावर, इमारतीचा गौरव करताना ती उभारणाऱ्या राजवटीकडे पाहायचे की नाही, हा प्रश्न विचारला गेला. सत्ता आणि वास्तुकला यांच्या संबंधांवर सुजिच यांनीच २००५ मध्ये ग्रंथ लिहिलेला असल्याने या प्रश्नाला वेगळी धार आली.

या पुरस्कारांपैकी २०१० चा प्लग जवळून पाहण्यासारखा आहे. ब्रिटिश थ्री-पिन प्लग चौकोनी पिनांचा आणि चांगलाच जाडजूड असतो. पिना वर ठेवून जमिनीवर पडला तर अंधारात पाऊल टेकणाऱ्याला तो कायमचा लक्षात राहतो. मिन-क्यू चोई या विद्यार्थ्याने त्यातील दोन पिना फिरवून तिसरीच्या रेषेत आणल्या आणि बाजूचे पंख दुमडून सगळा प्लग जेमतेम एक सेंटिमीटर जाडीचा केला. लॅपटॉप पातळ होत गेला, पण त्याच्या पिशवीतला प्लग दशकानुदशके तोच राहिला, एवढे साधे निरीक्षण त्यामागे होते. डायसन यांना हवे असलेले डिझाइन ते हेच, असे म्हणायला हरकत नाही.

सुजिच यांच्या कारकिर्दीतील मुख्य घटना म्हणजे संग्रहालयाचे लंडनमधील केन्सिंग्टन येथे झालेले स्थलांतर. यासाठी निवडलेली कॉमनवेल्थ इन्स्टिट्यूटची इमारत रॉबर्ट मॅथ्यू, जॉन्सन-मार्शल आणि भागीदार या संस्थेने रचली व १९६२ मध्ये ती उघडली. व्हिक्टोरिया राणीच्या १८८७ च्या राज्यारोहण महोत्सवाची आठवण म्हणून स्थापन झालेल्या इम्पीरियल इन्स्टिट्यूटची ती उत्तराधिकारी. साम्राज्य ओसरल्यावर राष्ट्रकुलातील देशांची दालने येथे मांडली गेली, त्यांत भारताचेही होते. इमारतीचे वैशिष्ट्य तिचे तांब्याने मढवलेले छप्पर. हे तांबे उत्तर ऱ्होडेशियातून, म्हणजे आजच्या झांबियातून, आले. छपराच्या मधल्या भागाचा आकार गणिताच्या भाषेत अपास्तीय अन्वस्तज, साध्या भाषेत घोड्याच्या खोगिरासारखा : एका दिशेने वर वळलेला, दुसऱ्या दिशेने खाली. या आकाराची खुबी अशी, की तो वक्र असूनही सरळ रेषांनीच बनतो. सरळ पट्ट्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत थोड्या थोड्या कोनात फिरवत नेल्या की खोगीर तयार होते. काँक्रीट ओतण्यासाठीचा साचा, आपल्याकडे बांधकामावर ज्याला सेंट्रिंग म्हणतात तो, त्यामुळे सरळ फळ्यांतून उभारता येतो. १९५० आणि ६० च्या दशकांत हा आकार जगभर लोकप्रिय होण्यामागे सौंदर्याइतकेच हे सुताराचे सोयीस्कर गणित होते.

इमारतीला १९८८ मध्ये ‘द्वितीय श्रेणी, तारांकित’ वारसा दर्जा मिळाला. पुढे निधी आटला, छप्पर गळू लागले आणि शतक उलटल्यावर ती बंद पडली. २००६ च्या सुमारास खास कायदा करून वारसा दर्जा काढण्याचा विचार सरकारी पातळीवर झाला, तो पुढे गेला नाही. अखेर आवारात निवासी इमारती बांधायला परवानगी आणि त्या बदल्यात जुन्या इमारतीला संग्रहालयाचा वापर, असा मार्ग निघाला. निवासी इमारतींचा व बाह्य रूपाचा आराखडा ओएमए आणि अलाइज अँड मॉरिसन या वास्तुरचना संस्थांनी केला, अंतर्गत रचना जॉन पॉसन यांनी. पॉसन यांच्या कामावर सुजिच यांनी पूर्वीच ग्रंथ लिहिला होता. प्रत्यक्ष कामात छप्पर तात्पुरत्या पोलादी टेकूंवर हवेत तोलून धरण्यात आले आणि खालचे काँक्रीटचे मजले काढून नवे घालण्यात आले. मूळ दर्शनी भिंतीही बदलल्या. विसाव्या शतकातील वास्तूंचे जतन करू पाहणाऱ्या ‘ट्वेंटिएथ सेंचुरी सोसायटी’ने यास विरोध केला होता. मूळ अंतर्भाग आणि भोवतालचा बगिचा गेल्यावर वारसा म्हणून उरते काय, असा तिचा सवाल होता. छप्पर वाचले म्हणून इमारत वाचली, ही बाजू अधिक मांडली गेली आहे. तिच्यात तथ्य असले तरी सोसायटीचा आक्षेप निराधार म्हणता येत नाही.

संग्रहालय २४ नोव्हेंबर २०१६ रोजी नव्या जागी उघडले. सांगितला जाणारा खर्च ८ कोटी ३० लाख पौंड, जागा सुमारे १०,००० चौरस मीटर, म्हणजे आधीच्या तिप्पट. कॉनरन यांनी १ कोटी ७५ लाख पौंड दिले. शॅड टेम्सची वास्तू हदीद यांच्या कार्यालयाने घेतली. ओक लाकडाने मढवलेल्या मधल्या चौकातून मान वर केली की खोगिराचा खालचा भाग दिसतो. हा चौक फार जागा खातो, अशी तक्रार काही समीक्षकांनी केली. वरच्या मजल्यावरील कायम दालन विनामूल्य असून त्याच्या तोंडाशी लोकांनी सुचवलेल्या रोजच्या वापरातील वस्तूंची भिंत उभारण्यात आली. २०१८ मध्ये संग्रहालयाला ‘युरोपियन म्यूझियम ऑफ द इयर’ पुरस्कार मिळाला.

त्याच वर्षी एक अप्रिय प्रकरणही घडले. राजकीय ग्राफिक्सचे ‘होप टू नोप’ हे प्रदर्शन चालू असताना संग्रहालयाची जागा लिओनार्डो या शस्त्रास्त्र कंपनीच्या कार्यक्रमासाठी भाड्याने देण्यात आली. प्रदर्शनात सहभागी कलावंतांपैकी अनेकांनी आपली कामे परत मागितली आणि सुमारे एक तृतीयांश प्रदर्शन उतरवावे लागले. सरकारी अनुदानावर फारसे अवलंबून नसलेल्या संग्रहालयाला सभागृहे भाड्याने द्यावीच लागतात, ही या प्रकरणामागची कमी चर्चिली गेलेली बाजू.

संचालकपदाच्या अखेरच्या तारखेबाबत एकवाक्यता दिसत नाही. २०१६ हे वर्ष कधी कधी शेवटचे म्हणून दिले जाते. बहुधा त्या वर्षी ॲलिस ब्लॅक सहसंचालक झाल्याने हा समज झाला असावा. टिम मार्लो यांनी २०२० च्या आरंभी सूत्रे घेतली, हे लक्षात घेता सुजिच यांची कारकीर्द २०१९ पर्यंत धरणे योग्य.

मराठी वाचकांशी त्यांचा संबंध मुंबईमार्गे येतो. लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्सच्या ‘अर्बन एज’ प्रकल्पाची परिषद नोव्हेंबर २००७ मध्ये मुंबईत झाली. या प्रकल्पातून निघालेले महानगरांवरील दोन जाडजूड खंड सुजिच यांनी रिकी बर्डेट यांच्यासह संपादित केले. २०११ च्या दुसऱ्या खंडात मुंबई, साओ पाउलो आणि इस्तंबूल यांचा अभ्यास आहे.

निवृत्तीनंतर ते लँकेस्टर विद्यापीठात अध्यापन करू लागले. २०२२ मध्ये सोव्हिएत वास्तुविशारद बोरिस इओफान यांच्यावरील त्यांचा चरित्रग्रंथ प्रसिद्ध झाला. इओफान यांची ख्याती मॉस्कोतील ज्या नियोजित महाकाय शासकीय इमारतीमुळे, म्हणजे ‘सोव्हिएट्सच्या प्रासादा’मुळे, तो कधी पूर्ण झाला नाही. युद्धकाळात त्याचे पोलाद काढून नेले गेले आणि पायासाठी खणलेल्या प्रचंड खड्ड्यात पुढे पोहण्याचा तलाव झाला.